मनगटावरची पट्टी

पाऊस सुरू झाला की आमच्या चिखलदऱ्यात माणसांची रीघ लागते. शनिवार-रविवारी तर परतवाड्यापासून घाटात गाड्यांची रांग. अमरावतीची, अकोल्याची, नागपूरची माणसं. धुकं, धबधबे, भाजलेली कणसं, गवळ्यांच्या घरची रबडी... कुणी भीमकुंडाकडे, कुणी देवी पॉइंटला, कुणी गाविलगडावर. त्यांच्याबद्दल माझी काही तक्रार नाही. गावातल्या पुष्कळ घरांची चूल त्यांच्यावर पेटते.

पण याच दिवसांत दुसरीही माणसं येतात. गेली तीसेक वर्षं येताहेत. त्यांच्या गळ्यात कॅमेरा असतो, आणि कुठला पॉइंट बघायचा हे ती विचारत नाहीत. ती विचारतात, "कुपोषित मूल कुठल्या गावात बघायला मिळेल?"

हा प्रश्न मी किती वेळा ऐकला असेल, त्याची मोजदाद नाही. मी मेळघाटातल्या शाळांमध्ये एकतीस वर्षं शिकवलं. (मेळघाट म्हणजे मुख्यतः चिखलदरा आणि धारणी हे दोन तालुके, बाहेरच्या वाचकांसाठी सांगून ठेवते.) गाव कोरकू बोलणारं, आणि शाळेतली बाई म्हणजे पाहुण्याशी मराठीत बोलू शकणारी. त्यामुळे जीप आधी शाळेसमोर थांबायची. निवृत्त होऊन मला पंधरा वर्षं होऊन गेली, तरी माझा नंबर कुठून कुठून लोकांकडे जातो आणि फोन येतातच.

या वर्षी जूनमध्ये असाच एक फोन आला. एका कला महाविद्यालयात शिकणारी मुलगी होती. बोलायला गोड, अदबशीर. तिला आणि तिच्या दोन मित्रांना मेळघाटातल्या मुलांवर 'व्हिडिओ आर्ट' करायचं होतं. "मॅडम, ही बातमी नाही, डॉक्युमेंटरीही नाही. अंधाऱ्या खोलीत, भिंतीवर दाखवायचं असतं. लहान मुलांचं जे शोषण होतं, त्याला भिडणारं काहीतरी करायचं आहे."

मी म्हटलं, "बाळ, यात माझं काय काम?"

"तुम्ही आम्हाला घरं दाखवाल ना?"

झालं. पुन्हा फिरून तिथंच. पण मुलगी प्रामाणिक वाटली, म्हणून मी लगेच नाही म्हटलं नाही. मी तिला एवढंच सांगितलं की मी आपली मराठी घेऊन बी.ए. झालेली बाई, मला हे व्हिडिओ आर्ट म्हणजे काय ते कळत नाही. आधी मला समजावून सांग. तिनं तीन कलाकृतींची नावं पाठवली, सोबत कुणीकुणी केलेली त्यांची चित्रणं आणि माहिती. "मॅडम, हे तीन बघा, म्हणजे आम्हाला काय म्हणायचंय ते कळेल." इथे पावसात लाईट जाते, नेट जातं. तीन कामं बघायला मला चार दिवस लागले. खऱ्या खोलीत उभं राहून बघणं वेगळं असणार, मी बघितलं ते संगणकाच्या पडद्यावर. तरी त्या चार दिवसांत मला झोप नीट लागली नाही, हे खरं.

पहिलं काम आल्फ्रेडो जार या चिली देशातल्या कलावंताचं. नाव 'द साउंड ऑफ सायलेन्स', साल २००६. एक मोठी पेटीसारखी खोली. बाहेरच्या एका भिंतीवर डोळे दिपवणाऱ्या ट्यूबलाइट. आत जायला दिवा हिरवा व्हावा लागतो. आत अंधार, आणि पडद्यावर फक्त शब्द येतात. आवाज नाही. आठ मिनिटं. ते शब्द केव्हिन कार्टर या दक्षिण आफ्रिकी छायाचित्रकाराची गोष्ट सांगतात.

ती गोष्ट तुमच्यापैकी अनेकांना ठाऊक असेल. मार्च १९९३, सुदान, अयोद नावाचं गाव, दुष्काळ आणि यादवी. अन्नछत्राकडे जाणारं एक हाडाचा सापळा झालेलं मूल जमिनीवर ओणवं झालंय, आणि मागे थोड्या अंतरावर एक गिधाड बसलंय. कार्टरनं फोटो काढला. २६ मार्चला तो 'न्यूयॉर्क टाइम्स'मध्ये आला आणि जगभर गेला. लोकांनी विचारलं, त्या मुलाचं पुढे काय झालं? वर्तमानपत्राला खुलासा करावा लागला, की मूल उठून पुढे चालू लागलं होतं, पण केंद्रापर्यंत पोचलं की नाही ते माहीत नाही. १९९४ च्या एप्रिलमध्ये कार्टरला पुलित्झर पारितोषिक मिळालं. जुलैमध्ये, वयाच्या ३३ व्या वर्षी, त्यानं आत्महत्या केली.

जारच्या त्या खोलीत हे सगळं शब्दांत वाचता वाचता मध्येच समोरून लख्ख फ्लॅश उडतो. थेट बघणाऱ्याच्या डोळ्यांवर. डोळे दिपलेले असतानाच तो फोटो क्षणभर दिसतो आणि जातो. मग पुन्हा शब्द, की या फोटोच्या वापराचे हक्क कुणाकडे आहेत. त्या वेळी ते बिल गेट्स यांच्या कॉर्बिस कंपनीकडे होते. (कॉर्बिसचा छायाचित्रांचा साठा २०१६ साली एका चिनी कंपनीला विकला गेला.)

मला ती कल्पना फार आवडली. आजवर फ्लॅश त्या मुलांवर पडत होता, इथे तो आपल्यावर पडतो. कसं वाटतं बघा, असं तो कलावंत न बोलता विचारतो.

पण मी जन्माची मास्तरीण. एखादी वही हातात आली की लाल पेन घेतल्याशिवाय राहवत नाही. जारचं काम बघून झाल्यावर मी त्या फोटोबद्दल आणखी शोधलं, आणि एक गोष्ट कळली, ती मनातून जाईना. त्या मुलाच्या उजव्या मनगटावर एक पट्टी आहे. प्लॅस्टिकची, पांढरी. फोटोत ती पहिल्यापासून होती. २०११ साली 'एल मुंडो' या स्पॅनिश वर्तमानपत्राचे लोक त्या गावी गेले, तेव्हा त्या पट्टीवरच्या खुणेचा अर्थ विचारला गेला. मोठा करून बघितला तर अक्षर आणि आकडा दिसतो. 'टी ३'. 'टी' म्हणजे तीव्र कुपोषित, ३ म्हणजे केंद्रावर आलेलं तिसरं मूल. म्हणजे मुलाची नोंद झालेली होती! ते अन्नछत्राच्या वहीत होतं, त्याला औषधपाणी देणारी माणसं होती. वडिलांनी सांगितलं, ती मुलगी नव्हती, मुलगा होता. तो त्या दुष्काळातून वाचला. त्यानंतर बऱ्याच वर्षांनी, बातमीदार गावी पोचायच्या चारेक वर्षं आधी, तो तापानं गेला.

अठरा वर्षं जगभरच्या लोकांनी तो फोटो बघितला. त्यावर रडले, भांडले, कार्टरला गिधाड म्हणाले. मनगटावर लिहिलेलं मात्र फारसं कुणी वाचलं नाही. आणि गावात जाऊन "हे कुणाचं लेकरू?" हे विचारायला अठरा वर्षं लागली.

१९९३. मी तो आकडा पुन्हा पुन्हा बघत राहिले. कारण त्याच वर्षीच्या पावसाळ्यात आमचा मेळघाट पहिल्यांदा मोठ्या प्रमाणावर वर्तमानपत्रांत आला, बालमृत्यूंमुळे. त्याआधी मुलं मरत नव्हती असं नाही. श्रावणात घरातलं धान्य संपतं, कुटकी-सावा अजून शेतात उभा असतो, आईला दिवसभर रोवणी-निंदणीला जावं लागतं. नाले भरले की गाव तुटतं. हगवण लागते, छाती भरते, आणि आधीच अशक्त झालेलं मूल दोन दिवसांत जातं. बाहेरच्यांना वाटतं भूक एकटी मारते. भूक वाट करून देते, आणि आजार येऊन घेऊन जातो.

आता न्यायानं बोलायचं तर बोललं पाहिजे. त्या बातम्या आणि ते फोटो आले नसते, तर मंत्री घाट चढून आले नसते. डॉक्टरांच्या जागा, गाड्या, १९९५ ची नवसंजीवन योजना, यातलं किती झालं असतं कुणास ठाऊक. आजही उच्च न्यायालयात मेळघाटाच्या याचिका चालतात, २००७ साली दाखल झालेली एक तर वर्षानुवर्षं. आरडाओरडा झाल्याशिवाय आपल्याकडे फाईल हलत नाही, हे मी नोकरीत असताना पुरतं शिकलेय. तेव्हा फोटो काढूच नका, असं म्हणणारी मी नाही.

पण दुसरी बाजूही मी डोळ्यांनी बघितली आहे. तिसऱ्या-चौथ्या श्रेणीचं मूल हवं म्हणून (तेव्हा श्रेणी म्हणत, आता सॅम आणि मॅम म्हणतात) आठ-दहा घरं पालथी घालायची. मूल मिळालं की त्याचा सदरा काढायचा. बरगड्या दिसायला हव्यात. सावलीतून उन्हात आणायचं. आई हसली तर "जरा गंभीर व्हा" म्हणायचं. एकदा एका गृहस्थांनी शाळेतल्या माझ्या वर्गात येऊन पोरांना शर्ट काढायला सांगितलं होतं. मी त्यांना दाराबाहेर नेऊन म्हटलं, "हा वर्ग आहे. इथे पोरं कपडे घालून बसतात." ते चिडून गेले. त्यांचं नाव मला आठवतही नाही.

याच बैरागडात डॉ. रवींद्र आणि डॉ. स्मिता कोल्हे यांनी उभं आयुष्य घातलं. २०१९ ची पद्मश्री त्यांना मिळाली. धारणीजवळ उतावलीला डॉ. आशीष सातव यांनी घरोघरच्या बाळांची काळजी गावातल्याच बायकांच्या हाती दिली. पण न्यूमोनिया झालेलं बाळ वेळेवर औषध मिळून बरं झालं, तर त्याचा फोटो कसा काढणार? ते दिसतं इतर बाळांसारखंच. गावात काम करणाऱ्याला जे बघायला आवडतं, त्यात कॅमेऱ्याला रस नसतो.

आता एक गोष्ट सांगते. ज्या बाईची आहे तिला विचारून सांगतेय. तिचं नाव आणि गाव लिहिणार नाही.

ती माझी विद्यार्थिनी. १९९६ साली चौथीत होती. तिच्या कडेवर कायम तिचा धाकटा भाऊ असायचा, दीडेक वर्षाचा. वर्गातसुद्धा. मी बसू द्यायची, नाहीतर तिचं शिक्षण थांबलं असतं. त्या वर्षीच्या पावसाळ्यात शहरातली काही माणसं त्यांच्या ढान्यावर गेली आणि त्यांनी दोघांचा फोटो काढला. ती अंगणात उभी, भाऊ कडेवर. पोरीला फार आनंद झाला होता. दुसऱ्या दिवशी शाळेत येऊन सांगत होती, फोटो येणार म्हणून. महिन्याभरात भाऊ गेला. फोटो काही आला नाही.

ती पुढे बारावीपर्यंत शिकली आणि अंगणवाडी सेविका झाली. आज तिला दोन मुलं आहेत, थोरला परतवाड्याला कॉलेजात जातो. ती मधूनमधून माझ्याकडे येते. त्या कला महाविद्यालयातल्या मुलीचं मी तिला सांगितलं. विचारलं, काय करावं? ती बराच वेळ गप्प बसली. मग म्हणाली,

"बाई, फोटो काढाले मी नाई म्हनत नाई. पन काहाडला त घरी आनून द्या लागते ना. माह्या भावाचा एकच फोटो निंघाला वो दुनियेत. अन् तो आमच्यापाशी नाई."

मी तीस वर्षांत यावर इतकं नेमकं बोलणं ऐकलं नव्हतं. तिच्या आईला आता त्या बाळाचा चेहरा आठवत नाही, असं ती म्हणाली. पण तो चेहरा कुठेतरी आहे. एखाद्या कपाटात, निगेटिव्हच्या पाकिटात, किंवा एखाद्या जुन्या अहवालाच्या मुखपृष्ठावरही असेल. तो शेकडो अनोळखी लोकांनी बघितला असेल. त्याच्या आईनं नाही.

शोषण म्हटलं की आपल्याला वीटभट्टी आठवते, हॉटेलात कपबशा विसळणारा पोऱ्या आठवतो. मूल दिलं, काम करून घेतलं, मोबदला दिला नाही. मग हे काय वेगळं आहे? त्या बाळाच्या चेहऱ्यानंही काम केलंच की. कुणाची बातमी झाली, कुणाला देणगी मिळाली असेल, कुणाला बक्षीस. बाळाच्या घरी एक पोस्टकार्डाएवढा कागदसुद्धा पोचला नाही.

त्या मुलीनं पाठवलेलं दुसरं काम नेमकं यावरच होतं. रेन्झो मार्टेन्स या डच कलावंताचा 'एन्जॉय पॉव्हर्टी' हा चित्रपट, २००८ चा. काँगो देशात तो हिंडतो. तिथले स्थानिक फोटोग्राफर लग्नाबारशांचे फोटो काढून कसंबसं पोट भरतात. हा त्यांना कागदावर हिशेब करून दाखवतो, की परदेशी फोटोग्राफर तुमच्याच गावच्या भुकेल्या मुलांचे फोटो विकून तुमच्यापेक्षा कितीतरी जास्त कमावतात. तुमची गरिबी हा तुमचाच माल आहे, मग तुम्हीच का विकत नाही? ते बिचारे तसे फोटो काढायला लागतात. त्यांना घेऊन तो परदेशी मदत संस्थेच्या दवाखान्यात जातो, तर तिथले डॉक्टर परवानगी नाकारतात. परक्यांना दार उघडं, गावच्यांना बंद. शेवटी हा कलावंत त्यांना सांगतो की जमणार नाही, आणि निघून जातो.

बघताना मला राग आला. आधी त्या व्यवस्थेचा, मग त्या मार्टेन्सचाच. कारण जे वाईट आहे असं तो दाखवतो, तेच तो स्वतःही करतो. ती आजारी मुलं त्याच्याही चित्रपटात आहेतच, आणि तो चित्रपट युरोपातल्या कलादालनांत दाखवला गेला. हे त्यानं मुद्दाम केलंय म्हणतात, प्रेक्षकाला टोचावं म्हणून. असेल. टोचतंही. पण प्रेक्षकाला टोचण्यासाठी सुई त्या मुलाच्या अंगातूनच का घालायची? मी तिथे लाल पेनानं गोल केला.

तिसरं काम आपल्या मुंबईचं. नलिनी मलानी. जन्म १९४६, कराचीचा, फाळणीनंतर इकडे आलेलं कुटुंब. शिकल्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये, आणि लोहार चाळीत त्यांचा स्टुडिओ होता. आपल्याकडे व्हिडिओ आर्ट ज्यांनी आधी सुरू केलं त्यांत त्यांचं नाव घेतात. २०२३ चा क्योटो पुरस्कार त्यांना मिळाला. 'कॅन यू हिअर मी?' हे त्यांचं काम लंडनच्या व्हाइटचॅपल गॅलरीत २०२० साली मांडलं गेलं. त्यामागे कठुआची घटना आहे. जानेवारी २०१८. जम्मूकडच्या बकरवाल या भटक्या मेंढपाळ समाजातली आठ वर्षांची मुलगी. घोडे चारायला गेलेली. तिच्यावर जे झालं ते मी इथे लिहिणार नाही, तुम्हाला माहीत आहे. जून २०१९ मध्ये पठाणकोटच्या न्यायालयानं सात आरोपींपैकी सहा जणांना दोषी ठरवलं.

आठ वर्षांची, जनावरं चारायला रानात जाणारी मुलगी. आमच्याकडे घराघरात आहे अशी. गवळ्यांची असते, कोरकूंची असते. मी ती बातमी वाचली तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर हजेरीपटच आला होता.

तेव्हा काय झालं आठवतं? त्या मुलीचा फोटो आणि नाव देशभर फिरलं. चॅनेलवर, मोर्चांच्या फलकांवर, लोकांच्या मोबाईलवर. बहुतेकांच्या मनात न्यायाचीच भावना होती. पण अत्याचार झालेल्या मुलाची ओळख उघड करायला कायद्यानं मनाई आहे. २०१२ च्या पॉक्सो कायद्यात आहे, २०१५ च्या बाल न्याय कायद्यातही आहे. एप्रिल २०१८ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं बारा माध्यम संस्थांना प्रत्येकी दहा लाख रुपये भरायला लावले, ते यासाठीच.

मलानीबाईंनी काय केलं? त्यांनी हातात टॅबलेट घेतला आणि बोटानं रेषा काढल्या. अठ्ठ्याऐंशी छोटी हलती चित्रं. नऊ प्रक्षेपकांतून ती एकाच वेळी भिंतींवर पडतात, एकमेकांवर चढतात, पुसली जातात, मध्येच शब्द येतात. मी जेवढं बघितलं त्यात तो छापून आलेला फोटो कुठेच नाही. कुणाचंही पोर असू शकेल अशा रेषा आहेत. डोळे एका जागी ठरतच नाहीत, कारण हे बघावं तर ते निसटतं. त्या मुलीकडे नुसतं टक लावून बघत राहायची सोयच त्यांनी ठेवलेली नाही. आणि नाव तर प्रश्नच आहे: मी ऐकू येतेय का? विचारणारी कोण, ते सांगायची गरज पडत नाही.

या बाईंनी त्या मुलीकडून काही घेतलं नाही, असं मला वाटलं. आपल्याच बोटानं, आपल्याच वेदनेनं काम केलं. कुणी म्हणेल, मग पुरावा कुठे राहिला? बरोबर आहे. पुराव्याचं काम न्यायालयाचं आणि बातमीदाराचं. तिथे नोंद हवी, तारीख हवी, आकडा हवा. डॉ. अभय बंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या 'कोवळी पानगळ' अहवालानं तेच केलं. सरकारी कागदांत दिसतात त्याहून कितीतरी जास्त मुलं मरतात, हे मोजून दाखवलं. कलेचं काम दुसरं. बघणाऱ्याला शांतपणे बघू न देणं. ते काम मुलाचा सदरा न काढताही होतं, हे या बाईंनी करून दाखवलं आहे.

आठवडाभरानं मी त्या मुलीला फोन केला. म्हटलं, तिन्ही कामं बघितली. तुम्ही या. पण घरं दाखवणार नाही. आधी चार दिवस राहा, कॅमेरा पिशवीत ठेवून. अंगणवाडीत बसा. तिथे दंडाचा घेर मोजायची पट्टी असते, तांबडी, पिवळी, हिरवी. साडेअकरा सेंटिमीटरच्या खाली गेला की तांबडा. ती कशी वाचायची ते शिका, म्हणजे पुढे कुणाच्या मनगटावर काही लिहिलेलं असलं तर वाचता येईल. मग ज्यांचं चित्रण करायचं त्यांना त्यांच्या भाषेत विचारा, त्यांच्या घरात बसून, सरपंचाच्या किंवा माझ्या धाकात नाही. मूल उघडं करायचं नाही. त्याचं नाव तुमच्या वहीत हवं, लोकांसमोर नको. आणि जे काही कराल ते मुंबईच्या अंधाऱ्या खोलीत लावण्याआधी इथे शाळेच्या भिंतीवर, गावासमोर दाखवा. एक प्रत त्या घरी द्या. कागदावर छापलेली. मोबाईल बदलतो, हरवतो, कागद पेटीत राहतो.

ती ऐकत होती. मग म्हणाली, "मॅडम, गावानं बघून नको म्हटलं तर?"

"तर नको."

"मग आमचं कामच राहील ना."

मी म्हटलं, "राहील." विचार करून कळवते म्हणाली. तिचा फोन अजून आलेला नाही. येईल असं मला वाटतं. नाही आला तरी तिनं तो प्रश्न विचारला, हे मला बरं वाटलं. आधीच्या कुणी विचारला नव्हता.

इकडे माझ्या त्या विद्यार्थिनीच्या हातात आता स्वतःचाच मोबाईल असतो. २०२१ पासून 'पोषण ट्रॅकर' आलंय, मुलांची वजनं, उंची, हजेरी सगळं त्यात भरावं लागतं. कामासाठी तिलाही फोटो काढावे लागतात. ती काय करते माहितीये? वर्षातून एकदा, फगव्याच्या पैशातून थोडे बाजूला ठेवून, परतवाड्याला जाते आणि अंगणवाडीतल्या प्रत्येक मुलाचा एक फोटो छापून आणते. अंगात कपडे, केस विंचरलेले, बहुतेक पोरं हसताहेत. ते त्या त्या घरी देते. कुणी सांगितलेलं नाही, कुठल्या नियमात नाही. तिच्या ढान्यावर आता कुडाच्या भिंतींना फोटो दिसतात.

आता एक विनंती, आणि थांबते.

१९९६ च्या पावसाळ्यात तुम्ही किंवा तुमच्या ओळखीचं कुणी मेळघाटात आलं असेल, चिखलदरा तालुक्यातल्या आतल्या गावांत, आणि फोटो काढले असतील, तर कृपा करून जुनी पाकिटं एकदा बघा. नऊ-दहा वर्षांची मुलगी, अंगात शाळेचा निळा झगा, कडेवर उघडं बाळ. बाळाच्या कमरेला काळा करदोडा, त्यात भोकाचं तांब्याचं नाणं ओवलेलं. मागे कुडाची भिंत आणि तिच्यावर चुन्याच्या बोटांचे ठसे. एवढ्यावरून दुसरं कुणी ओळखणार नाही, पण ज्यानं काढला तो ओळखेल. कुणाला दोष द्यायचा नाही, कुणाचं नाव विचारायचं नाही. फोटो किंवा निगेटिव्ह, काहीही चालेल. रंग उडालेला असला, कोपरा फाटलेला असला तरी चालेल. मला कळवा, मी पोचवीन. त्याची आई अजून आहे.